लांब हातांची खुर्ची

३ मार्च
पोहोचलो. गोऱ्यांना हा देश सोडून जमाना झाला, पण गुलामी लोकांच्या हाडीमाशी खिळलेली. विमानतळावर हमालाने ‘साहेब’ म्हटलं. शिसारी आली. जाम झापला त्याला. साम्राज्याच्या या उरल्यासुरल्या घाणीवरच माझं प्रवासाचं पुस्तक. पहिलं प्रकरण शनिवारपर्यंत गेलं नाही, तर प्रकाशक याच विषयावरचं साडूचं पुस्तक छापणार. साडू! जो भाजी आणायलाही घराबाहेर पडत नाही.

४ मार्च
संकल्प : सामान्य माणसांतच राहायचं. बाजारातल्या लॉजवर उतरलो. उशीवर कुणाचे तरी केस, बादलीला शेवाळ. दुपारी गोऱ्यांच्या जुन्या क्लबात मुक्काम हलवला. अर्थात अभ्यासासाठी.

५ मार्च, सकाळी
व्हरांड्यात वेताची आरामखुर्ची. हात इतके लांब, की त्यांवर पाय पसरून बसायचं. गोरा असा बसायचा आणि नोकर त्याचे बूट ओढून काढायचा. काय ओंगळ प्रकार! प्रकरणाची सुरुवात इथूनच. पण आधी खुर्चीचा अनुभव हवा.

संध्याकाळी
अनुभव चालू आहे.

६ मार्च
चहा गार. तीनदा घंटी वाजवली तेव्हा वाढपी उगवला. वर मला ‘काका’ म्हणाला! साधं ‘साहेब’ म्हणायला यांचं काय जातं? गोरे होते तेव्हा निदान शिस्त तरी होती, असं मॅनेजरला सुनावलं. तो म्हणाला, त्याच्या आजोबांनी अगदी असंच बोलणारे लोक पाहिले होते. बरं वाटलं.
प्रकरण उद्या.

७ मार्च
क्लब बघायला शाळेची सहल आली. बाई माझ्याकडे बोट दाखवून मुलांना बरंच काही सांगत होत्या. लेखक म्हणून ओळखलं असणार. खुर्चीत बसल्या बसल्या हात उंचावला. बाईंकडून फोटो काढून घेतला, घरच्या ग्रुपवर टाकला. बायकोने विचारलं, प्रकरण झालं का? हिला कौतुक म्हणून नाहीच.

८ मार्च, शनिवार
प्रकरण पाठवलं. एकच वाक्य झालं : ‘मला शिसारी आली.’
प्रकाशकाचा फोन. साडूचं पुस्तक घेतोय म्हणाला. माझा फोटो मात्र त्याला फार आवडला. बायकोने तो बहिणीला दाखवला, तिने साडूला, साडूने प्रकाशकाला. साडूच्या मुखपृष्ठावर घेतला तर चालेल ना, विचारत होता.
मॅनेजरला विचारलं, काल बाई काय सांगत होत्या? म्हणाला, “हेच, की बघा मुलांनो, साहेब लोक असे बसायचे.”
फोटो मोठा करून पाहिला. निदान पाय तरी खाली घ्यायला हवे होते.