दरोडेखोराची मुलगी

बापू, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी बदनापूरच्या घरातला तो एक दिवस माझ्या मनातून जात नाही. निजाम गेला, शाळेत उर्दूच्या जागी मराठी आली, त्याच सुमारास तुम्ही नाटक कंपनी सोडून मुंबईला सिनेमात गेलात. अंगानं दांडगे, आवाज भरदार. दरोडेखोर, सावकाराचा गुंड, तुरुंगातला जमादार, असलीच कामं तुम्हाला मिळत गेली. नाव कुठं झळकलं नाही, पण मिशीवरून लोक ओळखायचे. गावी आलात की स्टेशनवरच पोरं गराडा घालायची, "एकदा डरकाळी मारा ना!" आणि तुम्ही मारायचात. घरी मात्र आम्ही मोठ्या काकांच्या शेतावर जगत होतो, आणि त्यांच्यासमोर तुमची मान कधी वर झाली नाही.

मी सातवी पास झाले तो उन्हाळा. शाळेतल्या बाईंनी घरी येऊन सांगितलं होतं, हिला जालन्याला पाठवा, मास्तरीण होईल. काकांनी तोवर आष्टीचं स्थळ पक्कं केलं होतं. माय मला म्हणाली, "तुझे बापू येऊन राह्यले. ते बोलतील." तुम्ही आलात. भाकरी थापता थापता मायनं सगळं तुमच्या कानावर घातलं आणि म्हणाली, "मी आजवर कशालाच न्हाई म्हनले न्हाई. एवढं एक बोला." तुम्ही मान डोलावलीत. मी दाराआड उभी आहे. काका ओसरीवर सुपारी कातरतायत. "पोरीच्या जातीला शिकून काय करायचंय? जल्दी उरकून टाकू." तुम्ही खाकरता. मला वाटतं, आता बोलणार. "दादा, तुम्ही म्हणता ते बराबर हे," असं म्हणून तुम्ही चहाची बशी तोंडाला लावता. आत तव्यावरची भाकरी करपली, मायनं ती उलथली नाही.

लग्नात वऱ्हाडी मागं लागले तेव्हा तुम्ही मिशीला पीळ देऊन अशी गर्जना केलीत की सगळा मांडव खूश झाला. पाठवणीच्या वेळी डोक्यावर हात ठेवून हळूच म्हणालात, "तिकडं गप राह्यचं, बाई. निभून जातं." पहिल्याच वर्षी दिरानं हात उगारला. मी गप राहिले, तुम्ही सांगितलं होतं म्हणून. मंग तो उगारतच राहिला. तुमचं निभलं असेल बापू, माझं निभलं नाही.

तुम्ही मुंबईतच वारलात. त्यानंतर आष्टीच्या जत्रेत तंबूमध्ये तुमचा एक सिनेमा आला. माय माझ्याकडं आली होती, आम्ही दोघी गेलो. शेवटी हिरोनं तुम्हाला गचांडी धरून चिखलात लोळवलं, आणि लोकांनी तंबू डोक्यावर घेतला. मायनं डोळ्यांना पदर लावला. हे पत्र पाठवायला पत्ता नाही, आणि असता तरी पाठवलं नसतं. कारण त्या दिवशी मायच्या शेजारी बसून मीही टाळ्या वाजवल्या, बापू, आणि मला बरं वाटलं.