तिसरं नाव

१७ सप्टेंबर, मंगळवार

प्रिय लंबू,

बरी असशील. बहिणीचा गुडघा कसा आहे? तिकडच्या नर्सिंग कॉलेजात रुळलीस, असं कानावर आलं. इकडे सगळे ठीक. आपल्या जीवरसायनशास्त्र विभागात अखेर नवा फ्रीज आला. जुना व्हरांड्यात उभा आहे, त्यात शिपाईमामा छत्र्या ठेवतात. एन्झाइमचे तास आता मी घेते. मागच्या बाकांवरचे झोपतात. तुझ्या तासाला कुणी झोपायचं नाही, हे लॅबवाल्या बाई मला दर आठवड्याला न चुकता ऐकवतात.

सहा महिने लिहायचं टाळलं. फोन करता आला असता, पण तू उचलला असतास तर मी फ्रीजबद्दलच बोलत बसले असते.

तर, माझी बढती रद्द झाली. गेल्या सोमवारपासून मी पुन्हा सहयोगी प्राध्यापक. कुणी तक्रार केली म्हणून नाही, मीच अर्ज दिला होता.

सुनावणीच्या दिवशी तू बाहेरच्या बाकावर होतीस. आत काय झालं ते तुला कागदावरूनच कळलं असेल. शोधनिबंधावरची पहिली दोनच नावं बढतीला धरायची, हा नवा नियम बढतीच्या समितीने जुन्या निबंधांनाही लावला आणि तुला नेमका एक निबंध कमी पडला. गरोदर बायकांच्या रक्तातल्या लोहाचा. त्यावर माझं नाव पहिलं, विभागप्रमुखांचं दुसरं, तुझं तिसरं. तू हरकत घेतलीस म्हणून समितीने मला बोलावलं. अध्यक्ष चष्मा पुसत होते.

“नावं राहू द्या,” ते म्हणाले. “प्रत्यक्ष काम कोणी केलं?”

“तिघांनी मिळून.”

“म्हणजे नावांचा क्रम बरोबर आहे?”

“हो.”

दोन मिनिटंही लागली नसतील. तुझी हरकत फेटाळली गेली. प्राध्यापकाची जागा एकच होती, ती मला मिळाली. तू राजीनामा दिलास.

दोन वर्षं रोज सकाळी सातला वॉर्डात जाऊन चारशे बारा नमुने तू गोळा केलेस. मी तक्ते केले, तेही तू सांगशील तसे. साहेबांनी सही केली. निबंध पाठवताना तूच म्हणालीस, “तुझी मुलाखत तोंडावर आली आहे, तुझं नाव पुढे टाक. मला कुठे पळायचंय?” साहेबांना मागे सरकवायची हिंमत आपल्या दोघींतही नव्हती, म्हणून तू शेवटी गेलीस.

जुलैत तपासणी होती, म्हणून कपाटं आवरायला घेतली. तुझ्या वॉर्डातल्या वह्या निघाल्या. सात वह्या, सगळं अक्षर तुझं. एका पानाच्या समासात लिहिलं होतंस : ‘ठेंगूला ताप. तिच्या वाट्याचेही घेतले.’ मी वही मिटली, दोनचा तास घेतला आणि परत येऊन अर्ज लिहिला.

डीनबाईंनी तो दोनदा वाचला. “याने तिला काही मिळणार नाही, कळतंय ना? नियमात तिसरं नाव तिसरंच राहतं.”

“मग पहिलं तरी माझं कशाला राहायला हवं?”

त्यांनी अर्ज पुढे पाठवला. पाच आठवड्यांनी निकाल लागला. निबंध माझ्या खात्यातून काढला, तुझ्या खात्यात घातला नाही. साहेब निवृत्त झाले, त्यांना त्याचं काही नाही. जागा रिकामी आहे, खोलीला कुलूप आहे. पण काम तुझं होतं, एवढं समितीला लिहून द्यावं लागलं. त्या पत्राची आणि वह्यांच्या पानांची प्रत सोबत आहे. नियम मागच्या निबंधांना लावण्याविरुद्ध तू दावा केला आहेस, असं कळलं. वकिलांना दाखव. साक्षीला बोलावलंत तर येईन.

आता राहिलेलं. विभागात, घरी, आईलासुद्धा मी सांगत आले की त्या दिवशी मी गांगरले. ऐनवेळी विचारलं, सुचलं नाही, तोंडातून निघून गेलं. अर्जातही तसंच लिहिलं आहे.

मी गांगरले नव्हते, लंबू. दार अर्धवट उघडं होतं. तू फाइल मांडीवर घेऊन बसलेली मला दिसत होतीस. जागा एकच आहे हे मला ठाऊक होतं, आणि ती मला हवी होती.

माफी मागत नाही. मागितली तर तुला काहीतरी उत्तर द्यावं लागेल. ताईंना नमस्कार सांग, गुडघ्याला शेक देत राहा म्हणावं.

‘तुझी’ लिहावं की नाही, हे आता मी ठरवायचं नाही. तेव्हा नुसतीच,

ठेंगू