एकवीस मणक्यांचा पूल

२ फेब्रुवारी, रविवार

सुचलं! पूल लाकडाचा नाही, लोखंडाचाही नाही. तो एक प्राणी आहे! खोऱ्याच्या या काठावर डोकं, त्या काठावर शेपूट, मध्ये धुकं. हजार वर्षं झोपलाय आणि झोपेत गुणगुणतोय. आपण त्याच्या पाठीवरून चालायचं. एकवीस मणके, प्रत्येकाचा सूर वेगळा. तो गुणगुणेल ती ओळ ऐकायची, त्याच क्रमाने पाय टाकायचे. चुकलं की तो कूस बदलतो — आणि आपण धुक्यात!

लगेच धारला विपुलला फोन. कॉलेजपासून माझ्या प्रत्येक वेड्या गेमचं कोडिंग तोच करतो. म्हणाला, "स्क्रीनवर दिसणार काय?" मी म्हटलं, काहीच नाही. काळा पडदा. हा गेम कानांनी खेळायचा.

मग — "भिया, ये तो गजब है!" (भिया म्हणजे भाऊ. आनंद झाला की त्याला मीसुद्धा भिया.)

गेम बनवण्याच्या स्पर्धेची शेवटची तारीख २२. वीस दिवस! आई म्हणते, इंदूरची नोकरी सोडून देवासला घरी आलीस ती यासाठी? हो आई, यासाठीच!

६ फेब्रुवारी

एकवीसही मणके वाजतायत! सध्या कॉम्प्युटरमधली बासरी. मी स्वतः चौदाव्यावर पडते. दर वेळी.

९ फेब्रुवारी, रविवार

धारला विपुलच्या घरी. त्याचे नीलकंठकाका नऊ वर्षांचे असताना तापात त्यांचे डोळे गेले. तीस वर्षं शाळेत गाणं शिकवलं. चार वर्षांपूर्वी गळ्याचं ऑपरेशन झालं, तेव्हापासून गाणं बंद. विपुलने जिन्यातच बजावलं, "गाण्याचा विषय नाही काढायचा हां."

पण कानांनी खेळायचा गेम त्यांना नाही तर कुणाला द्यायचा! हेडफोन लावून दिला. पहिल्यांदा पडले. दुसऱ्यांदा पडले. तिसऱ्यांदा — पार! आम्ही दोघांनी अशी आरोळी ठोकली की दुर्गाकाकू स्वयंपाकघरातून धावत आल्या.

काकांनी मात्र विचारलं, "किती वर्षांचा हा प्राणी?"

"हजार."

"मग आवाज शाळेतल्या पोराचा कसा गं?"

बरोबरच होतं, कॉम्प्युटरची बासरी ती. पण खरी गोष्ट वेगळीच. हेडफोन लावले की आपला आवाज बाहेर ऐकू जातो हे माणूस विसरतो. काका खेळताना गुणगुणत होते! फाटलेला, खरखरीत, मध्येच नुसती हवा. चाचणी टिपायला टेबलावर माझा रेकॉर्डर चालू होता. मी बंद नाही केला.

तोच माझा प्राणी!

११ फेब्रुवारी

बासरी काढली. काकांच्या गुणगुणण्याचे तुकडे करून मणक्यांना लावले. पूल श्वास घ्यायला लागला! अंगावर काटा आला, खरंच. विपुल म्हणाला, "काकांना सांगितलंस?" सांगीन ना.

१३ फेब्रुवारी

रविवारी सांगते. नक्की.

१६ फेब्रुवारी, रविवार

वाटलं होतं, खूश होतील. मी गाढव.

दुसऱ्या ओळीलाच त्यांनी स्वतःचा आवाज ओळखला. हेडफोन काढले, अगदी हळू टेबलावर ठेवले. "हा आवाज मी हिलासुद्धा ऐकवला नाही," म्हणाले. दुर्गाकाकू दारातच उभ्या होत्या. "आणि तू न विचारता नेलास."

मी लॅपटॉप पुढे ओढला.

"पुसून टाक. आत्ता."

माझ्या बोटावर त्यांनी आपलं बोट ठेवलं आणि मी बटण दाबलं. "दुसरीकडे कुठे?" — "विपुलकडे." तिथलंही पुसलं. काकूंनी चहा दिला.

१७ फेब्रुवारी

बासरी परत लावली. पूल मेला.

१९ फेब्रुवारी, बुधवार

दुर्गाकाकूंचा फोन! "वल्लरी, तू गेल्यापासून हे न्हाणीघरात नळ सोडून गातायत. आज तिसरा दिवस. टाकी रिकामी होतेय, तू ये बाई!"

मागून काकांचा आवाज — "तिला म्हणावं, या वेळी विचारून घे."

फोन ठेवला आणि ओट्यापुढे नाचले. आई म्हणाली, दूध उतू चाललंय.

२० फेब्रुवारी

पहिली बस. दारातच विचारलं, नीट, पूर्ण वाक्यात: "काका, तुमचा आवाज माझ्या पुलाला द्याल?"

"देईन. पण तो झोपलेला नको. जागा कर त्याला."

"जागा झाला तर गेमच संपतो, काका!"

"झोपलेल्याच्या पाठीवरून गुपचूप जायचं, ही चोरी झाली. काठावर उभं राहून आधी विचारावं. तो हो म्हणाला तर जावं."

कानशिलं तापली माझी. पण काय कल्पना आहे! काठावर थांबून आपण एक सूर लावायचा, वाट बघायची. तो जागा होतो, उत्तर देतो, पाठ सपाट करतो. अख्खा गेम उलटा, आणि हातात दोन दिवस! विपुलने डोकं धरलं. मग बोटं मोडून टायपिंगला बसला.

दुपारपर्यंत काकांनी एकवीस सूर दिले. सतराव्याला आवाज फाटला तेव्हा मीच म्हटलं, परत घेऊ. "नको," म्हणाले, "तिथे त्याची पाठ दुखते." काकू शेजारी बसून होत्या. पदर डोळ्यांना, आणि हसतही होत्या. दोनदा कुकर मध्ये बोलला. रेकॉर्डिंगमध्ये एक कबूतरही आलंय. ते ठेवलं.

२२ फेब्रुवारी

पाठवला! चार वाजून दहा मिनिटांनी! विपुल फोनवर नुसता ओरडत होता. मी पण.

१० मार्च

निकाल. यादी तीनदा वाचली. आम्ही नाही.

विपुलने काकांना सांगितलं. ते "बरं" म्हणाले आणि आत गेले.

१५ मार्च, शनिवार

सकाळी बेल वाजली. दारात नीलकंठकाका. एकटे! धारहून इंदूर, इंदूरहून देवास, बस बदलून. कानामागे कालच्या धुळवडीचा रंग, खांद्याला पिशवी. आई बघतच राहिली.

"पूल ओलांडून माणूस पोचतो कुठे?" चपला काढता काढता म्हणाले. "त्या काठावर तू काहीच केलं नाहीस. चार दिवसांचे कपडे आणलेत. चल, कामाला बसू."