दारव्ह्याच्या रस्त्यावर अडकलेली दुपार

माय,

परवा आमच्या गाडीवर वखती आले. दारव्ह्याच्या अलीकडे, भर दुपारी. तुला जाऊन इतकी वर्षं झाली की आता मी तुझ्याहून वयाने मोठी आहे, तरी घरी येऊन चपला काढल्या आणि आधी तूच आठवलीस. मी एसटीत कंडक्टर झाले, हे तुला माहीत नाही. दिग्रस-यवतमाळ गाडीवर असते. तू म्हणाली असतीस, बसून काम आहे, बरं आहे. बसून नसतं, माय.

जिनिंगमधल्या त्या दिवसाबद्दल मी कोणाशी बोलत नाही. शाळेला सुट्टी होती, तुझा डबा घेऊन मी दारात उभी होते. बायका यंत्रांत कापूस सोडत होत्या. हवेत नेहमीसारखे तंतू उडत होते, आणि एकाएकी ते जागच्या जागी थांबले. वर जाईनात, खालीही पडेनात. पट्टा फिरताना दिसत होता, पण त्याचा आवाज येईना. कोणीतरी म्हणालं, "वखत ढिला पडला." आपल्याकडे हे शेंबड्या पोरालाही कळतं. वखत कुठेतरी ढिला पडतो, दुपार पुढे सरकत नाही, आणि त्या साचलेल्या दुपारीतून वखती निघतात. धुरकट, माणसाएवढे, तोंड नसलेले. त्यांना जिवंत अंगातला वखत पाहिजे असतो. जिथे शिवतील तेवढं अंग म्हातारं होतं, आणि मग ते म्हातारपण हळूहळू वर चढतं. त्यांच्यावर उपाय एकच, एकसारखा ठेका. ठेका चालू असला की तेवढ्या जागेत वखत घट्ट राहतो. तुम्ही बायकांनी पत्र्यावर ठोके धरले, मला मध्ये घेतलं आणि बाहेर निघालात. मुकादमीण आतच राहिली. गठ्ठ्यांमागे पाय मुरगळून पडली होती. उशीर झाला म्हणून त्याच सकाळी तिने सगळ्यांसमोर तुझा पाणउतारा करून तुला उन्हात उभं केलं होतं. तू ठेका सोडलास आणि आत गेलीस.

तिला ओढत बाहेर आणलंस तेव्हा तुझा उजवा हात कोपरापर्यंत सुरकुतलेला होता. मी बघत होते, तर तू डाव्या हाताने माझे डोळे झाकलेस.

पुढे तू डाव्या हाताने भाकर थापायला शिकलीस. ती एका बाजूला जाड व्हायची, आणि जाड बाजू तू स्वतःला ठेवायचीस. मुकादमीण एकदा तुझ्यासाठी नवं लुगडं घेऊन आली. मी तिला नको ते बोलले. ती गेल्यावर तू मला चुलीपाशी बसवलंस.

"तिले काही म्हनू नको."

"मंग काहून गेलती तू तिच्यासाठी?"

तू डाव्या हाताने पीठ मळायला घेतलंस. "मले काय मालूम? पाय गेले माह्ये."

हे उत्तर मला कधी पटलं नाही. म्हातारपण खांद्यावरून छातीत उतरलं. तू गेलीस तेव्हा तुझे केस काळेभोर होते, आणि मी तुझ्यावर रागावलेली होते.

तर परवा. गाडीत पाय ठेवायला जागा नाही. एक माणूस दिग्रसपासून माझ्याशी भांडतोय, कारण त्याने रुमाल टाकलेल्या जागेवर मी एका लेकुरवाळीला बसवलं आहे. इंजिन तापतं. ड्रायव्हरचाचा गाडी बाजूला घेतात, डब्यातलं पाणी रेडिएटरमध्ये ओततात. तो माणूस बडबडत उतरतो आणि बिडी ओढत पुलाकडे चालायला लागतो. माझं लक्ष मागच्या काचेकडे जातं. आमच्याच चाकांनी उडवलेली धूळ रस्त्यावर तशीच उभी आहे.

"चाचा."

"पाह्यलं, बाई. मी हॉर्न मारून राह्यलो. तुम्ही घंटी सोडू नका."

हॉर्न आणि घंटी, हॉर्न आणि घंटी. लोक त्यावर टाळ्या धरतात. पुलाच्या कठड्याजवळ धूळ दाट होते आणि तिच्यातून ते निघतात. हॉर्नचा ठेका तिथवर पोचत नाही. तो माणूस पळायला बघतोय, पण चिखलात रुतल्यासारखा एकेक पाय उचलतोय. घंटीची दोरी मी त्या लेकुरवाळीच्या हातात देते. "एकसारखी ओढत राय. घाई नको करू."

"बाई, नका जाऊ," चाचा म्हणतात, पण हॉर्न थांबवत नाहीत.

माझे पाय गेले नाहीत, माय. खाली उतरून मी दाराचा दांडा धरून उभी राहिले. वाटलं, दुसरं कोणी उतरेल. कोणी उतरलं नाही. मग मी पायांना अक्षरशः ढकललं. चाचांचा रिकामा डबा काखेत धरून त्यांच्याच लोखंडी पान्ह्याने त्यावर ठोके देत गेले. जवळ पोचल्यावर कळलं, की त्याचा हात धरायचा तर पान्हा टाकावा लागेल. मी टाकला. ठेका तुटला तेवढ्यात घोट्यापाशी काहीतरी गार लागलं. मी त्याला ओढलं, आणि हॉर्नच्या टप्प्यात येईपर्यंत मागे पाहिलं नाही.

थोड्या वेळाने धूळ खाली बसली. मागून एक ट्रक आला. यवतमाळला सगळे उतरल्यावर तो माणूस दारात घुटमळला.

"बाई, तुम्हाले काही झालं तर नाही ना?"

"नाही. तुम्ही जा."

घरीही मी हेच सांगितलं. डेपोतही. काल पाऊल झाकायला पावसाळी बूट बाहेर काढले, पण त्यांत ते नीट मावेना, म्हणून मोजे शोधले. माय, डावं पाऊल पूर्ण सुरकुतलं आहे. काल घोट्यापर्यंत होतं, आज घोट्याच्या वर आहे. हा कागद कोणाला दाखवायचा नाही आणि तुझ्यापर्यंत पोचायचा नाही. मघाशी लेकीने विचारलं, "एवढ्या उन्हात मोजे काहून घातले?"

मी म्हटलं, डास चावतात.