रामबाईचा अंगठा

१२ फेब्रुवारी १९७९
हरलो. सुंदराचा दावा भरपाई आयुक्तांनी फेटाळला.
हिंगणीची ही बाई तीन हंगाम जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, कापूस टाकत होती. उजवा हात मनगटापासून यंत्रात गेला. आणि जिनवाले म्हणतात — ही आमच्याकडे कामाला नव्हतीच, हात कुठे गेला आम्हाला ठाऊक नाही! हजेरीत नाव नाही म्हणे. हंगामी बायांची नावं हजेरीत चढवतो कोण? मॅनेजर बबनराव शपथेवर खोटं बोलला आणि बाहेर पानठेल्यावर निवांत उभा राहिला. मला फार संताप आला.
नागपूरला अपील करायचं. मुदत साठ दिवस. सुंदराकडून फी घ्यायची नाही, हे आजच ठरवून टाकलं.

२८ मार्च
निकालाची नक्कल अजून नाही. बाबू म्हणतो, ‘होऊन राह्यलं.’ काय होऊन राह्यलं, देव जाणे.

७ एप्रिल
नक्कल आली, आणि मला ताप आला! वकीलपत्रावर सुंदराचा अंगठा हवा. मुनशी भैयाजीला हिंगणीला पाठवलं.

१० एप्रिल
अपील दाखल, मुदतीच्या आत. अंगात कणकण असतानाच नागपूर गाठलं. घरी येऊन ताकभात खाल्ला, झोपलो.

३ जुलै
जिनवाल्यांचा अर्ज आला.
म्हणतात, वकीलपत्रावरचा अंगठा सुंदराचा नाही, बनावट आहे. सबब अपील काढून टाकावं. वकीलपत्र पाहिलं. भैयाजीने आपल्या वळणदार अक्षरात लिहिलंय — ‘उजव्या हाताचा अंगठा’. जिचा उजवा हात गेला म्हणून आपण भांडतोय, तिचा! आणि मी तापाच्या भरात खाली सही ठोकून मोकळा.
नवीन अपील करावं तर मुदत कधीच संपली. हे अपील गेलं की सुंदराचं सगळं गेलं.

६ जुलै
सुंदरा आली, सोबत धाकटी बहीण रामबाई. दोघींनाही आपण काही चुकलो असं वाटतच नव्हतं.
‘भैयाजी म्हने, पुरुषाचा डावा अन् बाईचा उजवा लागते,’ सुंदरा म्हणाली. ‘माहा त उजवा नाई. मंग रामबाईचा लावला. पाठची बहीन हाय, परकी थोडीच हाय?’
भैयाजीकडे पाहिलं. चाळीस वर्षं कचेरीत बाईचा उजवाच अंगठा घेत आला बिचारा. म्हणाला, ‘डावा लावला असता त कागद वापस आला असता, साहेब.’ रागवायचं होतं, जमलं नाही. खरंच वापस आला असता!
बनावट म्हणजे काय, त्यात तुरुंगही होऊ शकतो, हे समजावून सांगितलं तेव्हा रामबाई रडायला लागली. सुंदरा म्हणाली, ‘वकीलसाहेब, अपील बुडालं त बुडू द्या. पन इले काई होऊ देऊ नोका.’
दोघींनी जेवावं म्हणून आग्रह केला. रामबाईने घास घेतला नाही.

१९ ऑगस्ट
उद्या सुनावणी. खरं तेच सांगणार. दुसरं सुचतही नाही.

२० ऑगस्ट
सांगितलं — अंगठा रामबाईचा आहे, अज्ञानातून लावलाय, डावा आता घ्या. न्यायमूर्तींनी समोरच्यांना विचारलं, हा हिचा नाही हे तुम्हाला कसं कळलं? त्यांचा वकील कागद चाळू लागला. बबनराव मात्र मागे तयारीतच बसलेला. त्यालाच शपथ देऊन विचारलं.
‘साहेब, उजवा अंगठा येईन कुठून? तिचा हात गेला तवा मशीन मीच त बंद केली.’
न्यायमूर्तींनी त्याचं वाक्य शब्दशः लिहून घेतलं.