'ह'च्या जागी 'उ'

मी, खाली सही करणार, वय वर्षे एकोणऐंशी, धंदा मुद्रितशोधन (आता निवृत्त), हे मृत्युपत्र माझ्या मर्जीने आणि माझ्याच हाताने लिहून ठेवत आहे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. दडपण आणू शकेल अशी एकच व्यक्ती होती, ती सहा वर्षांपूर्वी गेली. डोळे अधू झाले असले तरी डोके ठिकाणावर आहे, असा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. दाखल्यात शुद्धलेखनाच्या दोन चुका होत्या, त्या मी दुरुस्त केल्या आहेत. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही.

कलम १. दुसऱ्या मजल्यावरचे दोन खोल्यांचे घर, त्यातील भांडीकुंडी, कपाटे आणि बँकेतली ठेव माझ्या एकुलत्या एक मुलीला मिळावी. बाहेरच्या खोलीत तिने शाळेत असताना तिच्या काकाच्या मथळ्याची चौकट लावली आहे. खिळा मला ठोकायला लावला होता. चौकट तिने न्यावी, भिंतीचे भोक बुजवून घ्यावे.

कलम २. तिन्ही शब्दकोश गल्लीच्या तोंडाशी असलेल्या वाचनालयाला द्यावेत. मधल्या शब्दकोशात 'मत्सर' या शब्दापाशी पान दुमडलेले आहे. तसेच राहू द्यावे.

कलम ३. धाकट्या भावाला मी काहीही ठेवत नाही. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत नाही असे वकीलबाईंनी सांगितले, तेव्हा मला बरे वाटले.

"मग त्यालाच साक्षीदार करा," मी म्हणालो.

"आजोबा, साक्षीदाराला आतला मजकूर वाचावा लागत नाही हं. तुमची सही पाहिली की झालं."

"याला वाचावा लागेल. मी वाचायला लावणार आहे."

कारण लिहून ठेवतो. आमच्या दैनिकात वार्ताहराची जागा निघाली तेव्हा मी तिथे सहा वर्षे मुद्रिते तपासत होतो. अर्ज मी लिहून ठेवला होता. आई म्हणाली, "तुला नोकरी आहे ना? मग या जागेवर धाकट्याला जाऊ दे. तो रिकामा बसलाय." तोच अर्ज मी नाव बदलून त्याच्यासाठी पुन्हा लिहिला. अर्ज इतका शुद्ध होता की संपादकांनी त्याला मुलाखतीत त्याबद्दल शाबासकी दिली. ती त्याने घेतली. पुढे तो चढत गेला आणि मी खालच्या खोलीत बसून त्याचेच ऱ्हस्व-दीर्घ सुधारत राहिलो. माझी मुलगी माझ्या मांडीवर बसून काकाचे लेख कापायची. कात्री मी धरून द्यायचो.

माझा मृत्युलेख त्याने लिहू नये. तो चांगला लिहील.

कलम ४. चुकांची वही. आमचे दैनिक एकशे पंचवीस वर्षांचे झाले. त्याने तीन इमारती पाहिल्या, चार मालक पाहिले, शिशाच्या खिळ्यांवरून ते संगणकावर आले. हा सगळा इतिहास आता धाकटा लिहितो आहे. निवृत्त संपादकाला ते शोभतेही. पण कोणत्याही वर्तमानपत्राचा खरा इतिहास त्याच्या चुकांत असतो आणि तो माझ्याकडे आहे. एकेचाळीस वर्षांत छापल्या गेलेल्या प्रत्येक चुकीची मी तारखेनिशी नोंद ठेवली. शोकसभेची शौकसभा झाली आणि लोक नटूनथटून आले, ते त्यात आहे. एका थोर देणगीदाराचा 'चोर देणगीदार' झाला, ते आहे. दुसऱ्या दिवशी आम्ही 'चोर असे छापले गेले ते थोर असे वाचावे' अशी दिलगिरी छापली, तेव्हा ते गृहस्थ कचेरीत येऊन म्हणाले, "म्हणजे दोनदा छापलंत." तेही आहे. आम्ही विभागात अकराजण होतो तेव्हा वर्षाला चार पाने भरत. मी एकटा उरलो तेव्हा वर्षाला चाळीस पाने पुरेनात. मग विभागच बंद झाला आणि मोजणारे कोणी राहिले नाही.

धाकट्याने ही वही पुस्तकासाठी मागितली होती. मी विचारले, "पुस्तकात मी कुठं आहे?" तो म्हणाला, "आहेस रे दादा, वाचशील तेव्हा कळेल." म्हणजे आभाराच्या यादीत, चहावाल्याच्या वर किंवा खाली. वही त्याला देऊ नये. मुलीने ठेवावी.

कलम ५. चौकटीतल्या मथळ्याचे मुद्रित आणि त्याला टाचलेली मूळ चिठ्ठी. ही दोन कागदांची वस्तू माझ्या कपाटात सर्वात खाली आहे. तिच्याविषयी खरे लिहिणे भाग आहे.

चव्वेचाळीस वर्षांपूर्वी नदी शहरात शिरली. तळमजल्यावरची मोठी यंत्रे पाण्याखाली गेली. पूर ओसरू लागताच वरच्या मजल्यावरच्या जुन्या हातयंत्रावर दुपारी एकपानी जादा अंक काढायचे ठरले. धाकटा चिखलाने माखून आला आणि सगळ्यांसमोर त्याने मथळ्याची चिठ्ठी वाचून दाखवली: 'पूर ओसरला, माणसे हरली'. सगळे वा म्हणाले. मीही म्हणालो.

मुद्रित तपासायला दोघे लागतात. एकजण मूळ प्रत मोठ्याने वाचतो, दुसरा छापील ओळीवर नजर ठेवतो. त्या दिवशी माझा जोडीदार पुरात अडकलेला, म्हणून दोन्ही कामे माझ्याकडे आली. आतला मजकूर मी अक्षर न् अक्षर ताडून पाहिला. मथळा ताडला नाही. धाकट्याचा तो मथळा दुसऱ्यांदा वाचायची माझी इच्छा नव्हती. चारही शब्द शुद्ध दिसले, मी सही केली.

अंक बाहेर गेला तो 'पूर ओसरला, माणसे उरली' असा.

लोकांनी तो रस्त्यात उभ्याने मोठ्याने वाचला. कोणी दारावर चिकटवला. पुढे नव्या पुलाच्या दगडावर तो कोरला गेला, मुलांच्या निबंधांत आला. धाकटा मुख्य वार्ताहर झाला, मग संपादक झाला. हा मथळा माझा नव्हे, असे तो एकदाही म्हणाला नाही. चव्वेचाळीस वर्षे मी त्याच्या तोंडाकडे पाहत आहे.

त्या दिवशी घरी माझ्या बायकोने अंक दोनदा वाचला. म्हणाली, "हे भाऊजींचं वाटत नाही. भाऊजी असं लिहीत नाहीत. तुम्ही काही केलंत का?"

मी म्हणालो, "एक अक्षर."

एवढेच बोललो. ती कोणाला सांगत सुटली नाही, पण त्या दिवसापासून माझ्याकडे पाहायची ती वेगळी. ते पाहणे मला गमवायचे नव्हते. ती जाईपर्यंत मी ते खोटे जपले.

मुद्रितात 'उरली' आधीपासूनच आहे, खाली माझी सही आहे, दुरुस्तीची खूण एकही नाही. हा कागद बाहेर आला तर धाकट्याचा मथळा जातो आणि माझाही जातो. म्हणून तो कपाटात राहिला. सुंठीवाचून खोकला जाईना आणि सुंठ खाववेना, अशी माझी गत.

'ह'चा 'उ' कोणी केला हे मला अकरा वर्षांनी कळले. आमचा जुळारी, म्हणजे शिशाचे खिळे उचलून मजकूर जुळवणारा, निवृत्त झाला त्या दिवशी मी त्याला विचारले. त्याला सगळे मामा म्हणत.

"मोठ्या टायपातला ह तुटका होता," मामा म्हणाला. "उ हाताशी होता."

"म्हणून काहीही लावायचं? अर्थ बदलला की."

"माझ्या घरची पाच माणसं शाळेच्या गच्चीवर होती. सकाळीच निरोप आला होता, पाचही आहेत म्हणून. उरली होती. मी काय खोटं जुळवलं?"

मी ही गोष्ट कोणाला सांगितली नाही. धाकट्याचा हेवा करण्यात एक सोय होती, तो निदान माझा भाऊ होता. मामाचा हेवा कोणत्या तोंडाने करणार?

कलम ६. वरचे कलम अर्धे झाले असताना धाकटा पुस्तकाची मुद्रिते घेऊन आला. "दादा, पुराचं प्रकरण तूच तपास. दुसऱ्या कोणाला देणार नाही," म्हणाला. पान दोनशे चौदावर असे छापले होते: 'हा मथळा माझा नव्हे. मी हरली असे लिहिले होते. उरली केले ते माझ्या थोरल्या भावाने. या दैनिकाच्या इतिहासातला सर्वोत्तम शब्द एका मुद्रितशोधकाचा आहे.' पुढे माझे पूर्ण नाव.

"हे तुला कोणी सांगितलं?"

"वहिनीनं. पूर आला त्याच महिन्यात."

"मग इतकी वर्षं गप्प का?"

"मूळ प्रत बदलायची तुम्हा लोकांना सक्त मनाई होती ना? बोललो असतो तर तुझी नोकरी गेली असती. तू निवृत्त झाल्यावर बोलायला हवं होतं, पण तोवर मला त्या मथळ्याची सवय झाली होती. खोटं कशाला बोलू?" मग चहाचा कप खाली ठेवून म्हणाला, "मला तुझा फार हेवा वाटायचा, दादा. मी इतकी वर्षं लिहीत राहिलो, पण तसा शब्द मला एकदाही सुचला नाही."

तो गेल्यावर मी त्याचा कप विसळून ठेवला. त्याने आता माझ्यासाठी हेवा करायलाही जागा ठेवली नाही, आणि हे मला सहन होत नाही.

मुद्रिते तीन दिवस माझ्याकडे आहेत. बायको नाही, मामा नाही. खोटे ठरवणारे कोणी नाही, कागद सोडून. आणि कागदाला काडी लागायला कितीसा वेळ? माझे नाव मी आयुष्यात पहिल्यांदा छापील पाहिले. दिवसातून आठदहा वेळा ती ओळ वाचतो. तीत एकही चूक नाही.

आज सकाळी मी माझे नाव खोडले आणि समासात मामाचे लिहिले, जुळारी म्हणून. तुटक्या अक्षराची आणि गच्चीवरच्या पाच माणसांची हकिकत वेगळ्या कागदावर लिहून जोडली आहे. खोडताना रेघ वाकडी आली आहे. पण वाचता येते.

कलम ७. मुद्रित व चिठ्ठी मामाच्या मुलीला द्यावी. ती आता शिवणकामाचे दुकान चालवते. गच्चीवरच्या पाचांत ती सर्वात लहान होती.

कलम ३ मी रद्द करत नाही. मुलीने मात्र चुकांची वही काकाला वाचायला द्यावी, पुस्तक पुरे होईपर्यंत.

कलम ८. हे वाचून धाकटा म्हणेल, "दादा, राहू दे तुझंच नाव, कोणाला कळणार आहे?" तो तसाच आहे. त्याने तसे म्हणू नये, ही माझी त्याला शेवटची विनंती आहे. तो म्हणाला तर मी राहू देईन.

येणेप्रमाणे लिहून ठेवले, वाचून पाहिले, बरोबर आहे.

स्थळ: राहते घर, खिडकीजवळचे टेबल
दिनांक: ९ मार्च, सोमवार

(सही) लिहून ठेवणार, थोरला भाऊ

साक्षीदार १: (सही) डॉक्टर, तळमजला. सही समक्ष झाली.

साक्षीदार २: (सही) धाकटा भाऊ. सर्व मजकूर वाचला. पान २१४ वरची दुरुस्ती मान्य.