पडलेला ड्राइव्ह आणि आईची काठी

बिटर फोर्क, मोंटाना
२१ ऑगस्ट

प्रिय ब्रॅडी दादा,

कसा आहेस? वर वणव्यावर नजर ठेवायच्या टेहळणीच्या बुरुजावर थंडी पडायला लागली का? कुठे धूरबीर दिसला? आम्ही मजेत. उद्या खेचरं रसद घेऊन वर निघतायत, म्हणून घाईत लिहितेय. कॉफी पाठवलीये. आईने सामानात लोकरीचे मोजेही ठेवलेत, तू न मागता.

आता हार्ड ड्राइव्हचं. टेन्शन घेऊ नकोस. पिकअपमध्ये सामान चढवताना तुझ्या हातून पडला, ठीके, पडतात वस्तू. "वॉरंटी आहे ना, बदलून घे, विषय संपला," म्हणून तू गाडी काढलीस. मी खरंच फोन केला. कंपनीची बाई एकदम गोड. पडलेला असला तरी या वॉरंटीत चालतं म्हणे, कोरा करकरीत मिळेल, फक्त जुना परत पाठव.

"आणि आतलं?"

"आतलं गेलं समज, राणी."

आतलं म्हणजे जत्रेतली गाड्यांच्या धडकाधडकीची अख्खी डर्बी, मी शूट केलेली! आई आणि ड्वेन, शेवटच्या दोन गाड्या, आणि ड्वेनची बंद पडेपर्यंतच्या सगळ्या धडका! कॅमेऱ्याचं कार्ड मी आधीच पुसलेलं. त्यात बुधवारी जत्रेची कमिटी आईची ट्रॉफी काढून घ्यायची का ते ठरवणार होती. ड्वेन आईबद्दल गावभर सांगत सुटला होता, "मर्नाने दारावरची काठी स्वतः मोडली. म्हणजे हार मानली ना तिने!" इतकी वर्षं हरली रे आई, पण स्वतःच्या हाताने काठी एकदाही मोडली नाही.

ड्राइव्हवर सील होतं. फोडलं की वॉरंटी खल्लास. बदलून घेतला तर नवा नक्की, पण आई कायमची खोटी. फोडला तर कदाचित दोन्ही घालवीन. शेवटी आईलाच विचारलं. ती गाडीखाली शिरून दुरुस्ती करत होती, फक्त बूट दिसत होते.

"काय झालं ते मला माहितीये. तुला पुरावा हवाय का?"

"मला कशाला? गावाला हवाय."

"मग फोड की! विचारतेस काय?"

फोडलं! दादा, आतला ड्राइव्ह ठणठणीत! केबल लावायची पट्टी तेवढी तुटलेली. शाळेच्या जुन्या कॉम्प्युटरला थेट जोडला आणि सगळं हजर! मी एवढी ओरडले की शेजारचं कुत्रं भुंकायला लागलं.

बुधवारी हॉलच्या भिंतीवर दाखवलं, अगदी हळू करून. ड्वेनचा बंपर दारात घुसतो, काठी तुटते, आणि आईचे दोन्ही हात स्टीअरिंगवर. दोन्ही!

ड्वेन म्हणाला, "परत दाखव." परत दाखवलं. मग टोपी काढून आईसमोर आला. "मर्ना, मीच मोडली गं."

"चल, कशाला तरी नेम लागला तुझा," आई म्हणाली. हॉल हसून पडला. ट्रॉफी आता फ्रीजवर आहे.

त्या दिवशी पिकअपपाशी तू आईला म्हणालास ना, "मोडलीस तर कबूल कर, मीपण बघितलं," ते मी लिहिणारच नव्हते. तुझ्या बाजूने तसंच दिसलं असेल. आई त्यावर अजून एक शब्द बोललेली नाही.

पण मोज्यात हात घाल. काठीचा अर्धा तुकडा आहे. आईनेच ठेवलाय. काय लिहू विचारलं, तर म्हणाली, "दुसरा अर्धा माझ्याकडे आहे म्हणावं. बर्फ पडायच्या आत घेऊन ये."

वाट बघते,
आई.
(आणि वॉरंटी गेलेली मी, डेला)